सवच्या पाण्यातला फोटो

आम्रपालीच्या फिल्ममध्ये कोणी बोलत नाही, कोणी मरत नाही, कुणाचं लग्नही होत नाही. महापूर ओसरल्यावर महाडच्या एका भिंतीवर राहिलेली गाळाची रेघ तिने वीस मिनिटं दाखवली होती. तुडीलच्या बौद्धवाडीत पडदा लावला, तेव्हा शेजारचे किशोरकाका मधेच ओरडले, "बाय, हिरो कदी येतो गो?" सगळी वाडी हसली. तीही हसली, पण पुढची फिल्म आपल्या बापाच्या चेहऱ्याची करायची, हे तिने त्याच वेळी ठरवलं.

बाप, सोमा गवंडी, ती सहा वर्षांची असताना गेला. त्याचा जगात एकच फोटो. पुरात तो भिजला आणि फ्रेमच्या काचेला चिकटून बसला. दर पावसाळ्यात बुरशी बोटभर पुढे सरके. यंदा ती कानापर्यंत आली होती. आम्रपालीने काचेवरूनच त्याची नक्कल काढली, तर आई ललिता म्हणाली, "ह्यांच्या वर्साच्या पुण्यानुमोदनाला झेरॉक्सला हार घालू काय?"

आम्रपालीची भीती निराळी होती. डोळे मिटले की तिला बाप आठवत नसे, हा फोटोच आठवत असे. तो गेला, तर सोमाची मुलगी म्हणवून घ्यायला तिच्यापाशी काय उरणार?

कोमट पाण्यात फोटो काचेपासून सुटतो, हे तिला ठाऊक होतं. आईने अट घातली, पाणी सव गावच्या गरम कुंडाचंच हवं. "मानसाची खरूज जाते तितं, मग ह्यांच्यावरचे डाग नाय जानार?" आम्रपालीने मान डोलावली. खरं तर वाफ कॅमेऱ्यात छान दिसेल, असा लोभ तिच्या मनात होता.

सवला कुंडाच्या काठी परात मांडली. पाणी निवेपर्यंत ती पुन्हा पुन्हा बोट बुडवून बघत होती. मग काचेसकट फोटो अलगद आत ठेवला आणि कॅमेरा सुरू केला. अर्ध्या तासाने एक कोपरा सुटला, मग खांदा, मग काच मोकळी झाली. तिने ती हळूच बाहेर काढली. बाप पाण्याखाली होता, पण डाग तसेच.

"थंड झालं गो पानी, डाग कसे जातील?" म्हणत ललिताने कुंडातल्या कढत पाण्याचा तांब्या परातीत ओतला.

"आये, नको!"

कागद तळाशी राहिला आणि त्यावरचा पातळ थर, बापाचा चेहरा, दुधाच्या सायीसारखा सुटून वर आला. गाल दुमडू लागला. आम्रपालीने कॅमेरा सोडला. तो तिवईसकट लवंडला आणि दगडाकडे तोंड करून चालूच राहिला. तिने पोळणाऱ्या पाण्यात हात घातला, तळवा चेहऱ्याखाली नेला आणि श्वास रोखून वर उचलला.

"मीच बुडवलं गो ह्यांना," ललिता म्हणाली.

"बोलू नको. वारा अडव."

ललिताने पदर आडवा धरला आणि वाकून बघितलं. कान गेला होता. एक डोळा सुरकुतला होता.

"नाक ह्यांचंच हाय ना? नीट बघ."

आम्रपालीने बघितलं. खूप वेळ बघितलं. तिला खात्री देता येईना.

"हाय, आये," ती म्हणाली, आणि हात हलू नये म्हणून कोपर गुडघ्यावर टेकवलं.