नाल्यातली वाघीण

हिवरखेडच्या वरच्या अंगाला, सातपुड्याच्या पायथ्याशी माझं सासर. साठ सालाच्या आसपासचा उन्हाळा. आमची बांडी, पांढऱ्या-तांबड्या ठिपक्यांची गाय संध्याकाळी रानातून परतली नाही. घरातले पुरुष आठवडी बाजाराला गेलेले, म्हणून सकाळी थोरल्या जाऊबाई म्हणाल्या, "चाल, आपुनच पाहू."

या गायीची आई लवकर मेली होती. जाऊबाईंनीच तिला हातानं दूध पाजून वाढवलं होतं.

कोरड्या नाल्यात उतरलो तर वाळूत काहीतरी ओढत नेल्याची खूण. पुढं सागाच्या पाचोळ्याचा ढीग, आणि त्यातून बाहेर आलेलं बांडं शेपूट. वाघानं शिकार झाकून ठेवली होती. जाऊबाई सरळ तिकडं निघाल्या. मी त्यांचा दंड धरला.

"सोड मले. गाय माही हाये."

"तो जवळच असंन, बाई. झाकलं म्हंजे परत येनार."

बोलणं संपलं नाही तोच झुडपातून गुरगुर आली. वाघीण होती. कान मागं पडलेले, शेपटी जमिनीवर आपटत होती. ती एकदम आमच्यावर धावून आली आणि अर्ध्या वाटेत थांबली. तिच्या पंजांनी उडालेली वाळू खाली बसताना मला दिसली. पळावं असं पायांना फार वाटत होतं. जाऊबाईंची बोटं माझ्या मनगटात रुतली होती. आम्ही तिच्याकडं तोंड ठेवूनच एकेक पाऊल मागं घेऊ लागलो. ती दुसऱ्यांदा धावली, पुन्हा थांबली.

तेवढ्यात झुडपातून मांजरासारखा बारीक आवाज आला आणि एक पिल्लू धडपडत बाहेर पडलं. वाघिणीनं मान वळवली, त्याला मानेला धरून उचललं आणि पलीकडच्या काठावरून गवतात शिरली.

आम्ही थेट शेताच्या बांधावर येऊन बसलो. जाऊबाई पदर तोंडाला लावून रडल्या.

संध्याकाळी मामंजी बाजारातून आले, तेव्हा गाय वाघानं मारल्याचं त्यांना कळलं. त्या काळी वाघ मारायला असल्या शिकारीत लोक जहर कालवून ठेवत. मामंजींनी विचारलं, "कोन्त्या नाल्यात पडली गाय?"

"खालच्या," जाऊबाई म्हणाल्या.

आम्ही गेलो होतो वरच्या नाल्यात. मी त्यांच्याकडं पाहिलं. त्या भाकरीचं पीठ मळत होत्या, त्यांनी मान वर केली नाही.