विहीणबाईंनी वाचलेली ओळ

माझी विहीण पुण्याची, शाळेत इंग्रजी शिकवायची. हैदराबादला आमच्याकडे नामपल्लीचं प्रदर्शन बघायला म्हणून आली आणि माझ्या मुलाच्या शेजारची खुर्ची धरून बसली.

मुलाच्या लहानपणी घरात टीव्हीला जोडायचं गेमचं यंत्र होतं. तो खेळायचा, मी शेजारी बसून लसूण सोलायची. आता त्यात सीडी फिरत नाही, म्हणून तेच खेळ त्याला कॉम्प्युटरवर चालवायचे होते. त्याला यंत्र सुरू करणारी फाईल लागते. बूट रॉम म्हणतो तो तिला. ती त्यानं त्या जुन्या यंत्रातूनच काढली. धड निघाली का, हे बघायची रीत अशी की कॉम्प्युटर त्या फाईलवरून अक्षरं-आकड्यांची एक लांब ओळ काढून देतो. चांगल्या फाईलची ओळ इंटरनेटवर असते. दोन्ही तंतोतंत जुळायला हव्यात.

"आई!" त्यानं हाक मारली. मी स्वयंपाकघरातून ओ दिली.

"तू नाही गं. आई, तुम्ही वाचा, मी बघतो."

सासूलाही तो आईच म्हणतो. माझी शाळा चौथीपर्यंत, तीही मराठी. बोलायला जागा नव्हती. तरी अंगाचा तिळपापड झाला.

ती हजेरी घेतल्यासारखी वाचत गेली. ओळ जुळली नाही. परत वाचली, तरी नाही. मुलाचं तोंड उतरलं. "फाईल खराब निघाली."

मला बरं वाटलं. खोटं कशाला सांगू?

"इंटरनेटवरून दुसरी उतरवून घ्या की," विहीण म्हणाली.

"नक्को," मी म्हणाले. "घरचं असताना बाहेरचं कशाला?"

"तुमचं हे हैदराबादी नक्को!" ती हसली. "अहो विहीणबाई, पण घरचं चालत नाहीये ना."

मी मुलाला विचारलं, "कुठल्या यंत्राची ओळ लावलीस?"

"जपानच्या. खाली लिहिलंय, जपानमध्ये बनलेलं."

"बनलं असेल. तुझ्या मामानं दुबईहून आणलं होतं. मलकपेठच्या घरी तूच खोकं फाडलंस."

तो ताठ बसला. दुबईत युरोपातली यंत्रं विकायचे म्हणे, त्यांची फाईल वेगळी. त्यानं दुसरी ओळ शोधली. मी पदराला हात पुसून पुढे झाले.

"आई, वाचा," तो म्हणाला. तिलाच.

तिनं वाचली. शेवटच्या अक्षरापर्यंत जुळली. दोघांनी एकमेकांना टाळी दिली.

"विहीणबाई, तुमच्यामुळे जमलं हं," ती म्हणाली. गोड बोलते, त्याचाच जास्त राग येतो.

मी जेवणाच्या टेबलाची खुर्ची ओढत आणली आणि दोघांच्या मध्ये घातली.

"सरका जरा," म्हणाले. सरकली.