मुकी पट्टी

‘काल दुसऱ्या अंकात ऑर्गनवादकाचा हात जड होता. त्याने पोटभर भात जेवून वाजवायला बसू नये.’ गोंदियाच्या एका साप्ताहिकात ‘कानोसा’ नावाच्या सदरात हे वाक्य वाचलं, तेव्हा मला त्या अनोळखी ऑर्गनवादकाची कीव आली होती. पुढे त्याच्याच शेजारी तबला घेऊन बसायची वेळ आली आणि कळलं, की भात जेवणारा आणि ते छापून आणणारा माणूस एकच होता. दुलीचंद मास्तर.

आमच्या झाडीपट्टीत, म्हणजे विदर्भाच्या पूर्व टोकाला, दिवाळीनंतर गावोगाव मंडई नावाची जत्रा भरते, आणि मंडई म्हटली की नाटक आलंच. स्टेजपुढे खणलेल्या खड्ड्यात आम्ही वाजवणारे बसतो, लोकांकडे पाठ करून. मी गोंदियाजवळच्या गोरेगावात शाळेत शिक्षक, हंगामात तबलजी. दुलीचंद मास्तरांची शेती चोरखमाऱ्याच्या तलावाखाली होती. धान कापून झालं की ते पायपेटीचा ऑर्गन ट्रॅक्टरवर लादून कंपनीत हजर व्हायचे. ऑर्गनच्या आत पितळेच्या बारीक जिभा असतात, रीड म्हणतात त्यांना. मास्तरांच्या ऑर्गनचे रीड फ्रान्सचे होते. आजोबांनी कुण्या मोडलेल्या नाटक कंपनीकडून ती पेटी घेतली होती. कुणी हात लावायला गेलं की मास्तर ओरडायचे, “काऊन हात लावून राहिला बे? पॅरिसचा माल हाये तो, तुह्या घरचा कुकर नोहे!”

वाजवायचेही तेच आणि ‘कानोसा’त परीक्षण लिहायचेही तेच. ज्या गायिकेला अंकभर सांभाळून घेतलं, तिलाच छापून झोडपायला त्यांना काही वाटत नसे. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, “वाजवतो तेव्हा मी तिचा हावो. लिवतो तेव्हा कोनाचाच नाई, माहाबी नाई.” खुशामत त्यांना जमत नव्हती आणि चहा पाजून त्यांचं मत बदलत नव्हतं. म्हणून मंडईत नाटक बोलावणाऱ्या गावोगावच्या मंडळांची माणसं नाटक ठरवताना आधी ‘कानोसा’ वाचायची. मास्तरांच्या दोन ओळींवर एखाद्याचा हंगाम उभा राही, नाहीतर बसे. मला त्यांचा अभिमान वाटायचा, आणि खरं सांगायचं तर भीतीही वाटायची.

वैशाली आमच्या कंपनीत आली ती गोंदियातल्या कापडाच्या दुकानातली नोकरी सोडून. गाणं शिकली होती भजनमंडळात, तंबोऱ्यावर. घरून भांडण करून आलेली, त्यामुळे परतीची वाट तिनं स्वतःच बंद केलेली. पहिल्याच तालमीत मास्तरांच्या कपाळावर आठी पडली. त्या आठवड्यात ‘कानोसा’त आलं, ‘नव्या गायिकेचा वरचा गंधार चढा लागतो. चढलेला सूर उतरवता येतो, चढलेली मान उतरवणे कठीण.’ बिचारीची मान कधी वर झालेली मी पाहिली नव्हती. पण मलाही तो सूर पेटीला सोडून जातोय असंच वाटत होतं. जुन्या नटांनी माना डोलावल्या. आमचे मालक घनश्यामसेठ तर त्याच दिवशी दुसऱ्या गायिकेशी फोनवर बोलू लागले.

हंगामाआधी गावोगावच्या मंडळांची माणसं दुपारी तालीम बघायला येतात आणि तिथंच नाटक ठरवून जातात. त्या तालमीत वैशाली उभी राहिली तर राहिली, नाहीतर पुन्हा कापडं मोजायला गोंदियाला. तेसुद्धा दुकानदारानं परत घेतलं तर.

त्या तालमीच्या आदल्या दिवशी ती आली तेव्हा तिचा आवाज फाटला होता. आठवडाभर ती खोलीवर तो एकच सूर उतरवत बसली होती. खालमानेनं म्हणाली, “मास्तर, आज काळी चार नको, पांढरी पाच घेता का? गळा बसून गेला.”

“गळा बसला का मान?” मास्तर म्हणाले, पण त्यांनी गाण्याचा सा पेटीच्या चौथ्या काळ्या पट्टीवरून उतरवून पाचव्या पांढऱ्या पट्टीवर घेतला. मी हातोडीनं तबला उतरवून घेतला. ती गायली, आणि तिचा तोच चढा गंधार पेटीशी असा मिळाला की मी चमकून वर पाहिलं. पण लगेच पुढचा मध्यम चढला. काल बरोबर असलेला मध्यम!

मास्तरांचे पाय थांबले. त्यांनी तिला पुन्हा गायला लावलं, पुन्हा तेच. मग ते आपल्या बोटाकडे बघत बसले. काल गंधाराला जी पांढरी पट्टी त्यांच्या बोटाखाली होती, तीच आज मध्यमाला होती. सूर बदलला, पट्टी तीच. त्यांनी ती एकटी दाबली, मग खालच्या सप्तकातल्या तिच्याच जोडीदारासोबत दाबली, आणि कान पेटीच्या लाकडाला लावून कितीतरी वेळ तसेच राहिले.

“तबलजी,” ते म्हणाले, “हे पट्टी कवापासून उतरली?”

मला सांगता येईना. कुणालाच येईना. तलावाकाठच्या दमट घरात दर पावसाळ्यात त्या पितळेला थोडा थोडा कळंक चढत गेला, रीड जड होत गेलं, सूर उतरत गेला. त्याच्यासोबत मास्तरांचा कान उतरला, माझाही, आणि कंपनीतल्या जुन्या गाणाऱ्यांचे गळेसुद्धा. सगळे एकजुटीनं बेसूर झालो होतो. बाहेरून आलेली ती पोरगी तेवढी सुरात होती, म्हणून ती आम्हाला खटकत होती.

घनश्यामसेठला हे कळलं तेव्हा त्यांनी आधी दार लावून घेतलं. “मास्तर, बात को समझो. तुमचा कान खोटा निकलला, तर ‘कानोसा’ खोटा, आपली कंपनी खोटी. दुसरी गायिका कल आ रही है. रीड बदला, चूप राहा. किसको पता चलेगा?” मास्तरांनी नुसती चप्पल पायात घातली. मला वाटलं ते सेठचं ऐकणार, आणि मला त्यांचा राग आला.

संध्याकाळी मी त्यांना मोटरसायकलवर गावी सोडायला गेलो. तलावाच्या पाळीवर त्यांनी गाडी थांबवायला सांगितली आणि उतरून उभे राहिले.

“कितीक जनाईले मी ह्या एका सुरावरून झोडपलो असन गा?”

“मास्तर, चूक रीडची आहे. तुमची कशी?”

“रीडले कान नसते. मले हायेत.”

दुसऱ्या दिवशी दुपारी मंडळांची माणसं खुर्च्यांवर बसली होती. कोहमाऱ्याहून आलेल्या एका बाप्यानं तर ‘कानोसा’चं कात्रण हातातच धरलं होतं. दुसरी गायिका नटूनथटून विंगेत बसली होती. वैशाली भिंतीला टेकून उभी होती. मास्तर आले, पेटी उघडून आतून काहीतरी उपसलं आणि बसायचं सोडून लोकांकडे वळले. इतकी वर्षं सोबत वाजवूनही मी त्यांना लोकांपुढे तोंड करून उभं राहिलेलं पाहिलं नव्हतं.

“मंडळी, ‘कानोसा’ मीच लिवतो. ह्या पोरीचा सूर चढते, असा मी लिवलो. तो चढत नोहता. माही पेटी उतरली होती, अना तिच्या संगं माहा कान उतरला होता. हा पाहा खोटा सूर.” त्यांच्या तळहातावर हिरवट पडलेलं ते रीड होतं. “पेटीतून काढून घेतलो. आता त्या जागी पेटी वाजनार नाई, पोरगी एकटीच जाईन. चढली तर मले तोंडावर सांगा.”

सेठनं कपाळाला हात लावला. वैशालीचा चेहरा पांढराफटक पडला, कारण तिला यातलं काहीच माहीत नव्हतं. मला मास्तरांचा संताप आला. स्वतःची चूक धुवायला या पोरीला विहिरीच्या काठावर उभं करायचं? पण त्यांनी पायानं भाता मारायला सुरुवात केली होती. काळी चार. मी ठेका धरला.

रात्रभराच्या विश्रांतीनं तिचा गळा सुटला होता, मुखडा बरा गेला. अंतरा जवळ आला तसं मी तबल्यावरून नजर उचलून तिच्याकडे पाहिलं. तिनं श्वास घेतला, मास्तरांचं बोट त्या पट्टीवर पडलं, आणि पेटीतून नुसती हवा फुसकली. तबल्याचा ठेका तेवढा उरला आणि त्यावर तिचा गंधार, कशाचाच आधार नसलेला. तो हलला नाही. ती तिथंच थांबली, श्वास पुरेल तितकी थांबली. मास्तरांनी डोळे मिटले होते आणि त्यांच्या गालांवरून पाणी वाहत होतं. माझीही काही वेगळी गत नव्हती.

कोहमाऱ्याच्या त्या माणसानं कात्रण घडी करून खिशात टाकलं आणि ओरडला, “वन्स मोअर!” दुसरी गायिका चहा पिऊन परत गेली.

साप्ताहिकाच्या पुढच्या अंकात ‘कानोसा’ शेवटचा आला. ‘ऑर्गनवादकाचे कान उतरले आहेत. त्याने यापुढे दुसऱ्याच्या सुरावर लिहू नये.’ संपादकांनी विनवण्या केल्या, पण मास्तरांनी पुन्हा लेखणी धरली नाही. वाजवत मात्र राहिले. फ्रान्सचं नाही तर नाही, नागपुरात साधं रीड मिळत होतं. मी आणून देतो म्हणालो, तर म्हणाले, “कायले? ते पट्टी मुकी झाली तवापासून मी पोरीचं गानं आयकून राहिलो. पयले पेटीच आयकत होतो.”

मागच्या वर्षी धान कापणीला येण्याआधी मास्तर गेले. ऑर्गन त्यांच्या मुलानं घरात झाकून ठेवला आहे. आमच्याकडे आता इलेक्ट्रॉनिक कीबोर्ड आहे, त्याला दमट हवा लागत नाही आणि त्याचा एकही सूर उतरत नाही. तो वाजवणारा नव्या दमाचा, हुशार आहे. पहिल्याच तालमीत त्यानं वरच्या गंधाराला वैशालीला भरभक्कम साथ दिली. ती गाता गाता थांबली.

“तिथं हात उचलत जा,” ती म्हणाली.

तो गोंधळून माझ्याकडे बघू लागला. मी म्हटलं, “उचल बाबा. ती जागा मास्तरांची आहे.”