पुसायला सांगितलेली कॅसेट

तुम्ही कधी कुणाला तासभर नुसतं काम करताना पाहिलंय? मधे न बोलता, न शिकवता? मी नव्हतं पाहिलं. म्हणून हे लिहिते.

जुन्नरचा रत्नदीप लग्नाच्या व्हिडिओ शूटिंगवर पोट भरायचा. नवरदेवाचे मामा पोज देऊन ताटकळायचे आणि हा वाढप्याचे हात टिपत बसायचा. लग्नाची तिथ नसेल त्या दिवशी कॅमेरा घेऊन डिंभ्याची एसटी धरायचा, ठकूबाईकडे.

ठकूबाईचं शेत धरणात गेलेलं. पण उन्हाळ्याच्या तोंडावर पाणी उतरलं की उघड्या पडलेल्या गाळात ती बाजरी पेरायची. बांध तर बुजलेले. मग बुडालेल्या गावातल्या आंब्याचं खोड पाण्याबाहेर यायची वाट बघायची. खोडापासून उगवतीला चाळीस पावलं, तिथून तिचं शेत.

अठ्ठ्याण्णव साली सरकारी कागद आला : या गाळावर कुणाचीच वहिवाट नाही, जमीन बाहेरच्याला देणार. मी धरणग्रस्तांची कार्यकर्ती, लगेच मोर्चा ठरवला. रत्नदीपला म्हणाले, शूट कर.

"कोरी कॅसेट नाही, ताई."

"मग पिशवीत काय?"

"ठकूबाई. आणि उतरतं पाणी."

त्यानं टीव्हीवर दाखवलं. चिखल. बगळा. म्हातारीचे पाय. परत बगळा! माझं डोकं फिरलं. "बगळ्याला जमीन मिळवून द्यायचीय का रे? पूस ते. त्यावरच मोर्चा घे!"

"बरं ताई," म्हणाला.

मोर्चात घोषणा देऊन माझा घसा बसला. आठ दिवसांनी जमिनीचा निकाल देणाऱ्या साहेबांनी आम्हाला कचेरीत बोलावलं. रत्नदीपनं कॅसेट लावली आणि पडद्यावर बगळा! मी त्याच्या कानाशी लागले, "मोर्चा कुठाय?"

"माझ्या लग्नाच्या कॅसेटवर घेतला. तुमची भावजय चार दिवस बोलत नाही माझ्याशी."

पडद्यावर बगळा उडाला, तो बसला होता ते खोड दिसलं. ठकूबाई आली, मोठ्यानं पावलं मोजली. चाळीसला वाकली, कोपरापर्यंत हात गाळात घातला आणि हद्दीचा दगड उपसला.

साहेब पुढं सरकले. "मागं घ्या. हा दगड गाळाखाली होता?"

"व्हय. गेल्या साली म्याच पुरला व्हता," ठकूबाई म्हणाली. "दुसऱ्या कुणाला घावंल का? बघा खणून!"

मग साहेब स्वतः धरणावर, त्या खोडाशी येऊन चाळीस पावलं चालले. दुसरा दगडही तिनंच काढून दाखवला. ठकूबाईचा तुकडा तिलाच राहिला. माझ्या घोषणांनी नाही. मी पुसायला सांगितलं ते त्यानं पुसलं नाही, म्हणून. हे मान्य करायला मला दहा वर्षं लागली. रत्नदीप, तुझे उपकार आहेत बाबा. आणि तेजस्विनी वहिनी, तुमचे जास्त.

रत्नदीपच्या तशाच बाकीच्या कॅसेटांत आणखी अकरा घरांचे दगड आहेत. त्या जमिनींचा निकाल अजून लागायचाय, आणि कॅसेटांना बुरशी धरलीय. सीडीवर घ्यायच्यात, पण रत्नदीपचा व्हीसीआर बंद पडलाय. तुमच्या माळ्यावर चालू व्हीसीआर पडून असेल तर जुन्नरला आणून द्या. आलात तर तासभर बसून बघा. फक्त माझ्यासारखं मधे बोलू नका.