जेठाला ओळखलं कसं?

१८ नोव्हेंबर. खुनाच्या अपिलाच्या पेपरबुकात मी खुणेच्या पिवळ्या चिठ्ठ्या चिकटवत होते. पेपरबुक म्हणजे खालच्या कोर्टातल्या साक्षी आणि कागदपत्रांचा बांधलेला गठ्ठा. हायकोर्टाचे न्यायाधीश तोच वाचतात, साक्षीदार त्यांच्यापुढे पुन्हा उभा राहत नाही. तयारी माझी, झाशीत. बहस, म्हणजे कोर्टापुढचा युक्तिवाद, शिवानीची, अलाहाबादेत.

शिवानी इथलीच, मराठी घरातली. मराठी तिला कळतं, बोलते हिंदी. ती माझी ज्युनियर होती. जामीनअर्ज कसा लिहायचा हे मी तिला शिकवलं. आता छापील निकालांत तिचं नाव असतं. आरोपीच्या भावाने मला तोंडावर सांगितलं होतं, "दीदी, मेहनत आपकी, पर बहस शिवानी मैडम करें. उनकी जज सुनते हैं." मी बरं म्हटलं. त्या दुपारी डबा तसाच घरी परत नेला.

केस मऊरानीपूरकडच्या एका गावातली. बांधावरून भांडण होतं. पहाटे गोठ्यापाशी एका म्हाताऱ्याच्या डोक्यात लाठी पडली आणि पुतण्या बालकिशनला जन्मठेप झाली. डोळ्यांनी पाहणारी एकटी म्हाताऱ्याची सून. तिची साक्ष अशी: उजाडत होतं, जेठजी दिसले, चेहरा पाहिला, लाठी मारून ते पळाले. जेठ म्हणजे नवऱ्याचा मोठा भाऊ, इथे चुलत. एकाच साक्षीदारावर शिक्षा देता येते, पण तो पूर्ण भरवशाचा हवा. बाई खोटंच बोलली असेल असं मला वाटत नव्हतं. तिला कुणीतरी दिसलं असणार. ते कोण, हे बहुधा घरातल्या पुरुषांनी ठरवलं.

शिवानी माहेरी आली होती, ती दुपारी माझ्या चेंबरमध्ये आली. साडी कडक इस्त्रीची. बालकिशनची बायको फूलवती कोपऱ्यातल्या बाकावर बसली होती.

माझा पहिला मुद्दा घूंघटाचा होता. इकडे सून जेठापुढे तोंड उघडं ठेवत नाही, त्याच्या तोंडाकडे बघतही नाही. उलटतपासणीत त्या सुनेने हे कबूल केलं होतं. मग चेहरा ओळखला कसा? सहावा मुद्दा पायाचा. बालकिशन लहानपणापासून लंगडा. तपास अधिकाऱ्यानेही ते मान्य केलं होतं. मग तो पळेल कसा?

"ताई, पहला पॉइंट टिकेगा नहीं," शिवानी म्हणाली.

"का?"

"जज पूछेंगे, घूंघट के नीचे से पैर नहीं दिखते क्या? बहू जेठ को चाल से पहचानती है."

"आणि सहावा?"

"लंगड़ा आदमी भी भाग लेता है, ताई."

"म्हणजे माझं काहीच उरलं नाही."

"गुस्सा मत होइए."

"मी रागावले नाही. चहा घे."

चहा तिने घेतला नाही. माझ्या दोन्ही चिठ्ठ्या उपटून तिने टेबलावर शेजारी-शेजारी लावल्या. मग फूलवतीकडे वळली. "घर की औरतें बालकिशन को दूर से कैसे पहचानती हैं?"

"चाल सें, बिन्नू. लंगड़ात हैं, सो दूर सें पतो पर जात." बिन्नू म्हणजे इकडच्या बोलीत बहीण.

शिवानी माझ्याकडे बघून म्हणाली, "तो उस बहू को सबसे पहले क्या दिखना चाहिए था? लंगड़ाना. पूरी गवाही में वह शब्द है कहीं?"

नव्हता. पोलिसांपुढच्या जबाबात नाही, कोर्टातही नाही. जी खूण तिला पक्की ठाऊक होती ती तिने सांगितलीच नाही. जो चेहरा ती कधी बघत नव्हती, तो मात्र सांगितला.

दोन्ही मुद्दे माझे होते, माझ्याच अक्षरातले. ते जोडले तिने, तेही माझ्या खुर्चीसमोर बसून. मला इतकं लागलं की मी म्हटलं, "वाक्यं छोटी ठेव. बेंचला लांबण चालत नाही." याहून उपयोगाचं काही सुचलं नाही.

"अब छूट जैहें का?" फूलवतीने विचारलं. शिवानीला.

"अभी कुछ नहीं कह सकते," उत्तर मी दिलं.

सुनावणीला मी अलाहाबादला गेले आणि शिवानीच्या मागे बसून पानं काढून देत राहिले. पायांचा प्रश्न न्यायाधीशांनी विचारलाच. तिने दोन वाक्यांत उत्तर दिलं. छोट्या वाक्यांत. काही आठवड्यांनी निकाल आला: संशयाचा फायदा, बालकिशन सुटला. निकालपत्रावर बहस करणाऱ्या वकिलाचं नाव असतं, चिठ्ठ्या चिकटवणाऱ्याचं नसतं. भाऊ शिवानीकडे मिठाई घेऊन गेला. मला त्याने फोन केला. फोन फूलवतीने हातातून घेतला आणि नुसती रडली. तेवढा वेळ मी शिवानीला विसरले.

साक्षीदाराला काय दिसलं, हे सगळेच वकील विचारतात. त्याला आधी काय दिसायला हवं होतं, हे विचारावं. शिकवणी महागात पडली, पण कामाची आहे.

त्या फोनच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सेशन्स कोर्टात माझी एक उलटतपासणी होती. साक्षीदार मोठ गावचा दुकानदार. उजेड किती, अंतर किती, हे माझे नेहमीचे प्रश्न मी मागे ठेवले. आरोपीकडे बोट करून पहिला प्रश्न विचारला, "उस दिन से पहले आप इसको दूर से कैसे पहचानते थे?" साक्षीदार सरकारी वकिलांकडे बघू लागला.

बाहेर आल्यावर सरकारी वकील म्हणाले, "मैडम, सवाल बढ़िया था. कहाँ से लाईं?"

"हम तो हमेशा से पूछते हैं," मी म्हटलं.