मोकळ्या प्लॉटवरची नोटीस

सदर इसम, वय चोपन्न, हुद्दा शिपाई, काम नोटिसा डकवणे. ऑफिसात सगळे त्यांना डिंकराव म्हणत. वृद्धाश्रमाला दिलेला सरकारी प्लॉट काढून घेण्याआधी, "तुमचं म्हणणं मांडा" अशी नोटीस त्यांना जागेवर ठळकपणे डकवायची होती. प्लॉट मोकळा, उभा होता फक्त एक ट्रक. डिंकरावांनी भरपूर खळ लावून त्यावरच डकवली. उत्तर आलं नाही, प्लॉट काढून घेण्याचा आदेश निघाला आणि आश्रम कोर्टात गेला.

"नोटीस नीट डकवली होती?" न्यायाधीशांनी विचारलं.

"साहेब, अजूनही निघाली नसेल."

"मग आश्रमाला दिसली कशी नाही?"

"ट्रक निघून गेला ना, साहेब."

म्हणणं न ऐकता काढलेला आदेश कोर्टाने रद्द केला. डिंकरावांच्या सेवापुस्तकात 'कर्तव्यदक्ष' हा शेरा कायम आहे. आश्रमाचा पत्ता नोटिशीवर पहिल्याच ओळीत होता.