रुईवरचा पतंग आणि एक साक्ष

माझ्या बायकोचे मामा हे हुबळी-धारवाड या जोडशहरातले सर्वांत संशयी गृहस्थ होते. मी आयुष्यात एकदाच साक्ष दिली, ती त्यांच्यापुढे दिली आणि ती खोटी होती. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. मुळात मी कमी बोलणारा माणूस. कमी बोलणाऱ्याचा एक फायदा असतो, तो खोटं बोलला तरी कुणाला शंका येत नाही.

मामांची सगळी हयात वकिलीत गेली. वय झाल्यावर त्यांनी काळा कोट नवनगरच्या घरातल्या खुंटीला अडकवला, पण उलटतपासणी काही अडकवली नाही. डॉक्टरांनी "किंचित ताप आहे" म्हटलं की ते विचारायचे, "किंचित म्हणजे किती? किंचित हा आकडा आहे काय?" दारावर येणाऱ्या भाजीवालीने भेंडी कोवळी आहे म्हणून सांगितलं की, "हे तुम्ही मोडून बघून सांगताय, का नुसतं बघून?" मामांपुढे भल्याभल्यांची बोबडी वळायची, पण ही बाई वळवून घेणारी नव्हती. ती टोपली उतरवून म्हणायची, "मोडून बघा की यप्पा, पण मोडल्यावर घ्यायला लागतंय." मग मामा निमूट भेंडी घ्यायचे आणि आत येऊन मामींना सांगायचे, "बाई हुशार आहे. वकील व्हायला पाहिजे होती." मी मुलगी बघायला गेलो तेव्हा माझ्या आईने, मुलगा कमी बोलतो, असं सांगून ठेवलं होतं. मामांनी पोह्यांची बशी बाजूला सारली आणि थेट मलाच विचारलं, "खरं काय हे?" मी मान हलवली. "मान हलवणं जबाबात लिहिता येत नाही. तोंडाने सांगा." मी "हो" म्हणालो. मामा सगळ्यांकडे बघून म्हणाले, "पोरगं खरं बोलतंय. द्या मुलगी." माझं लग्न त्या एका शब्दावर झालं.

निवृत्तीनंतर त्यांच्यापुढे खटले उरले नाहीत, तेव्हा त्यांनी अंगणातल्या जीवजंतूंवर खटले भरायला सुरुवात केली. खटला एकच असायचा, नाव काय? बिननावाचा पक्षी, बिननावाचा किडा त्यांना घरात शिरलेल्या अनोळखी माणसासारखा वाटायचा. कुंपणाशी रुईचं एक माजलेलं झाड होतं. शनिवारी मारुतीच्या माळेसाठी शेजारपाजारचे लोक त्याची पानं न्यायचे आणि मामा प्रत्येकाला अळ्या असलेली पानं न तोडण्याची ताकीद देऊनच फाटक उघडायचे. एका पावसाळ्याच्या शेवटी त्या रुईवर त्यांना एक केसाळ अळी दिसली. शेजारचे अण्णा म्हणाले, "रुईवरची अळी म्हणजे ते केशरी फुलपाखरू हो. शाळेतल्या पोरालाही ठाऊक असतंय." मामा उसळले. "त्याची अळी गुळगुळीत असते, पट्ट्यापट्ट्यांची, अंगावर काळी शिंगं. हिला शिंग दाखवा मला! हे फुलपाखरू नव्हेच, हा पतंग आहे. रात्री दिव्यावर येतो त्या जातीचा." माझ्या फोनमधल्या ॲपने सकाळी त्या अळीचं एक नाव सांगितलं आणि संध्याकाळी दुसरंच. मामा म्हणाले, "जबाब बदलणारा साक्षीदार आहे हा. घालवा त्याला."

शेवटी मामींच्या शेंगाचटणीच्या डब्याला भोकं पाडून मामा अळीसकट धारवाडच्या बसमध्ये चढले. तिथल्या कॉलेजात पतंगांचा अभ्यास करणाऱ्या एक मॅडम होत्या. त्यांनी अळी भिंगाखाली धरली आणि म्हणाल्या, "अळीवरून नक्की नाही सांगता येत, सर. पतंग बाहेर येऊ दे. पंख बघून सांगते." मामा परत आले ते लग्न ठरल्यासारखे खुशीत. "नक्की सांगता येत नाही म्हणणारा माणूस जन्मात पहिल्यांदा भेटला!" चटणीचा डबा मात्र गेला तो गेलाच. मामींनी पुढे कितीतरी दिवस त्याचा विषय जेवताना काढला.

अळी पुन्हा रुईवर सोडली. काही दिवसांनी तिने दोन पानं एकमेकांना चिकटवून आत कोष केला. मामांनी झाडासमोर खुर्ची टाकली. पेपर तिथे, चहा तिथे, भेटायला येणारे तिथे. नेमकी तेव्हाच बेळगावला त्यांच्या नातवाची मुंज आली. बायको आणि मामी पुढे गेल्या, घर आणि कोष राखायला मी नवनगरला राहिलो. मामा फाटकात उभे राहून मला म्हणाले, "जावईबापू, दक्षिणेकडची फांदी. बाहेर आला की पंखांचा रंग बघायचा. फोटो नाही जमला तरी चालेल, तुम्ही बघितलं म्हणजे झालं." मी मान हलवली. दक्षिण कुठली ते मला कळलं नव्हतं, पण ते विचारलं असतं तर तिथेच माझी शाळा भरली असती. गाडी सुटायची वेळ झाली होती.

दुसऱ्या दिवशी शनिवार. मी लहानपणापासून शनिवार चुकवत नाही. आम्ही राहतो तिथे, केशवापूरला, मारुतीसमोर माळा विकत मिळतात, नवनगरात कुठे मिळतात ते ठाऊक नव्हतं. बायकोचा पहाटेच फोन, "माळेचं काय केलंत हो?" झाड तर दारातच होतं. दक्षिण म्हणजे रस्त्याची बाजू असं धरून, मामांची फांदी म्हणून तिकडची मी सोडली आणि घराच्या बाजूची पानं तोडली. झुंजूमुंजू होतं, डोळ्यांवर चष्मा नव्हता, बोटं चिकाने बरबटली होती. एक पान चांगलं जाडजूड हाताला लागलं. ते मी माळेच्या मधोमध ओवलं, पदकासारखं.

देवळातून आलो, चहा घेतला आणि खुर्चीत बसून रस्त्याच्या बाजूची फांदी न्याहाळली. एकेक पान उलटून बघितलं. तिथे काही नव्हतं. मग माळेत ओवलेलं ते जाड पान आठवलं. तसाच देवळात गेलो. माळ मारुतीच्या छातीवर होती, मधली ती चिकटलेली दोन पानं मला उंबऱ्यातून दिसत होती. पुजाऱ्यांनी विचारलं, "येनु बेकु री?" काय हवंय, एवढंच. मागे रांग होती. देवाच्या गळ्यातली माळ एका किड्यासाठी परत कशी मागायची? "काही नाही" म्हणालो, तीर्थ घेतलं आणि घरी आलो. मागितली असती तर त्यांनी कदाचित हसत काढून दिली असती. हे मी तेव्हापासून किती वेळा घोकलंय ते माझं मला ठाऊक.

मामा परतले ते मुंजीचे लाडू हातात घेऊनच अंगणात. "आला काय बाहेर?" मी म्हणालो, "हो. उडून गेला." "रंग?" त्यांच्या मागे दोरीवर मामींचं इरकल लुगडं वाळत होतं. मी त्याकडे बघत म्हणालो, "काळसर. मधे निळा पट्टा. कडेला लाल." आता उलटतपासणी होणार म्हणून मी जीव मुठीत धरून उभा. किती वाजता, कुठून बघितलं, उजेड कसा होता. ज्या माणसाने भेंडीवर विश्वास ठेवला नाही, तो माणूस माझ्याकडे बघून नुसता म्हणाला, "वा! नशीबवान हो तुम्ही." आणि लाडू माझ्या हातावर ठेवला.

ते वर्णन घेऊन मामा पुन्हा धारवाडला गेले. मॅडम म्हणाल्या, असा पतंग आपल्या भागात नाही, कुठेच असल्याचं ऐकलेलं नाही. त्यांचे विद्यार्थी तोंड फिरवून हसले. मामांनी बाहेर पडताना त्या पोरांना सुनावलं, "फोटो नसू दे. साक्षीदार आहे. आमच्या घरचा जावई आहे तो, खोटं बोलणं त्याला जमत नाही." हे त्यांनीच घरी येऊन मोठ्या अभिमानाने सांगितलं. मी भाताचा घास गिळला. मामी वाढता वाढता म्हणाल्या, "माझ्या इरकलसारखाच म्हणायचा की पतंग!" आणि माझ्याकडे न बघता पुढे गेल्या. त्यांना काय कळलं होतं, मी कधी विचारलं नाही.

त्यानंतर मामा पुन्हा कधी धारवाडला गेले नाहीत. पण दर पावसाळ्याच्या शेवटी ते व्हरांड्यातल्या दिव्याखाली बसायचे. दिव्यावर येणारा प्रत्येक पतंग न्याहाळायचे आणि हाताने हलकेच बाहेर घालवायचे. एकदा एक राखाडी, साधासा पतंग थेट रुईकडून आला आणि त्यांच्या धोतरावर बसला. मामांनी चष्मा वर करून त्याच्याकडे बराच वेळ बघितलं. मी शेजारीच होतो. "हा नव्हे," ते म्हणाले, "ह्याला निळा पट्टा कुठाय?"

मामा जाऊन आता दोन वर्षं झाली. खुर्ची मामींनी आत घेतलेली नाही. यंदा रुईवर पुन्हा तशी केसाळ अळी आली, तिने दोन पानं चिकटवली. मी रोज ऑफिसहून नवनगरला जायला लागलो. शनिवारी माळ केशवापुरातूनच घेतली. एका संध्याकाळी पानांच्या फटीतून तो ओला, चुरगळलेला बाहेर आला आणि फांदीला लटकून हळूहळू पंख ताठ करत राहिला. राखाडी. साधासा. धोतरावर बसला होता तसाच. मी फोटो काढला आणि मामांची ओळख देऊन मॅडमना पाठवला. त्यांचं उत्तर लगेच आलं, एक लांबलचक शास्त्रीय नाव. मला ते अजून एका दमात म्हणता येत नाही, मामांनी चहा संपायच्या आत पाठ केलं असतं. खाली मॅडमनी लिहिलं होतं, "इथलाच आहे, अळ्या रुईच खातात. तुमच्या मामांनी आणलेली अळीही ह्याचीच असणार. त्यांना तो निळा पट्टा कुठे दिसला, देव जाणे."

मामांना काही दिसलं नव्हतं, तो पट्टा माझा होता. ते फुलपाखरू नव्हे, पतंग आहे, हे त्यांचं म्हणणं पहिल्या दिवसापासून बरोबर होतं. धारवाडला जाऊन, त्या मॅडमसमोर आणि जमलं तर त्यांच्या विद्यार्थ्यांसमोर, मान न हलवता तोंडाने हे सांगणं माझ्याकडे बाकी आहे.